किल्ली, ऐवज आणि सामाईक लायब्ररी

'लायब्ररी' हा शब्द कानावर पडला की मराठी माणसाच्या डोळ्यांसमोर उंच कपाटे, वर्तमानपत्रांची लांब मेजे आणि 'शांतता राखा' अशी पाटी असलेले एखादे सार्वजनिक वाचनालय उभे राहते. संगणकाच्या जगात हाच शब्द फार निराळ्या अर्थाने रूढ झाला आहे. अनेक प्रोग्रॅमांना वारंवार लागणारी कामे एकदाच लिहून, तपासून एका फाइलीत ठेवून द्यावयाची, आणि ज्याला गरज असेल त्याने तेथून ती करवून घ्यावयाची, अशा फाइलीस तेथे लायब्ररी म्हणतात. घरातल्या किंवा कचेरीतल्या मेजावरच्या साध्या संगणकातही अशा शेकडो फाइली असतात. वापरणाऱ्याची त्यांच्याशी गाठ पडते ती बहुधा एकाच प्रसंगी : त्यांपैकी एखादी जागेवर नसते आणि काल सुरळीत चाललेला प्रोग्रॅम आज सुरू होण्याचेच नाकारतो.

या शेकडो फाइलींमध्ये एक जुने आणि लहानसे घराणे आहे. त्यातील लायब्रऱ्यांचे काम सांगायला एक वाक्य पुरे : एक खूण घ्यावयाची आणि तिच्या नावाने ठेवलेला मजकूर परत द्यावयाचा. खुणेला किल्ली म्हणावे आणि मजकुराला ऐवज. देवळाबाहेर पादत्राणे सांभाळणारा माणूस बिल्ला पाहतो आणि जोडा आणून देतो. जोडा कोणाचा, केवढ्याला घेतला, याची चौकशी तो करीत नाही. या लायब्रऱ्यांची वृत्ती नेमकी हीच असते. फरक इतकाच, की येथे बिल्ल्यावरची खूण ठेवणाऱ्याने स्वतः ठरवावयाची असते. 'ज्यांचे वेतन अमुकाहून अधिक, अशी सर्व नावे काढा' असा प्रश्न विचारणाऱ्याने मोठ्या डेटाबेसकडे जावे. येथे तशा प्रश्नाला उत्तर नाही. 'या नावाखाली काय ठेवले आहे?' एवढ्या एकाच प्रश्नाचे उत्तर येथे मिळते, परंतु ते फार वेगाने मिळते.

वेगाचे रहस्य शोधण्याच्या रीतीत आहे. शंभर पानांच्या वहीत एखादे नाव हुडकावयाचे तर पहिल्या पानापासून सुरुवात करावी लागते; वही लाख पानांची झाली तर ही रीत निरुपयोगी ठरते. म्हणून किल्लीवरच एक ठराविक गणित करावयाचे, आणि त्यातून निघणारी संख्या हेच पानाचे ठिकाण मानावयाचे, अशी युक्ती संगणकशास्त्रात फार पूर्वी निघाली. या गणिताला हॅश म्हणतात. तीच किल्ली पुन्हा आणली की तेच गणित तीच संख्या देते, आणि शोधणारा थेट त्या पानावर जाऊन उभा राहतो. अडचण येते ती पान भरले म्हणजे. एक पान भरले म्हणून सारी वही नव्याने लिहून काढणे परवडणारे नसते.

अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेत युनिक्स ही प्रणाली जन्मास घालणाऱ्यांपैकी एक असलेल्या केन टॉम्पसन याने या अडचणीवर जो तोडगा लायब्ररीच्या रूपाने लिहिला तो १९७९ साली युनिक्सच्या सातव्या आवृत्तीबरोबर बाहेर पडला. तिचे नाव डीबीएम. तिच्यात पान भरले की तेवढेच पान दुभंगते. हॅशच्या संख्येतील आणखी एक अंश विचारात घेऊन अर्ध्या किल्ल्या एका पानात आणि अर्ध्या दुसऱ्यात जातात, आणि कोणते पान दुभंगले याची नोंद एका वेगळ्या छोट्या फाइलीत होते. म्हणून डीबीएमचा प्रत्येक संग्रह दोन फाइलींचा असे : 'डिर' हे शेपूट लावलेली नोंदीची फाइल आणि 'पॅग' हे शेपूट लावलेली पानांची फाइल. संग्रह कितीही फुगला तरी एक-दोन वाचनांत ऐवज हाती यावा, असा तिच्या माहितीपत्रकातील दावा होता, आणि तो पोकळ नव्हता.

त्याच माहितीपत्रकात तिचे दोषही मोकळेपणाने लिहून ठेवलेले होते. असा प्रामाणिकपणा आजच्या माहितीपत्रकांत विरळाच. किल्ली आणि ऐवज मिळून ५१२ बाइटांच्या आत बसले पाहिजेत. एका वेळी एकच संग्रह उघडता येईल. पुसलेल्या नोंदीची जागा फाइल परत करणार नाही. आणि सर्वांत चमत्कारिक गोष्ट अशी, की पानांच्या फाइलीत 'भोके' असतील. संख्येने ठरलेल्या ठिकाणी पान लिहावयाचे म्हटल्यावर मधली कित्येक पाने कोरीच राहणार. युनिक्स अशा कोऱ्या पानांना डिस्कवर जागाच देत नसे. त्यामुळे फाइलीचा दिसणारा आकार आतील मजकुराच्या सुमारे चौपट असे. पण कोणी ती साध्या आज्ञेने दुसरीकडे उतरवून घेतली की नक्कल करणारा प्रोग्रॅम इमानाने प्रत्येक भोक शून्यांनी भरून काढी, आणि नक्कल खरोखरच चौपट जागा खाऊन बसे. डिस्कची जागा मोजून वापरण्याच्या त्या काळात ही थट्टेची गोष्ट नव्हती.

डीबीएमच्या साधेपणाची आणखी एक बाजू मराठी लिहिणाऱ्याने विशेष ध्यानात घ्यावी अशी आहे. ही लायब्ररी किल्लीचा अर्थ जाणत नाही, ती अक्षरेही ओळखत नाही. तिला केवळ बाइटांची रांग दिसते. आजच्या यूटीएफ-८ पद्धतीत देवनागरीचे एकेक चिन्ह तीन बाइट घेते, तेव्हा ५१२ बाइटांच्या पानात फार तर १७० चिन्हे मावली असती. ही गोष्ट किरकोळ म्हणून सोडून द्यावी. परंतु 'दऱ्या' हा शब्द घ्या. समुद्रवाची 'दर्या' हून त्याला वेगळे ठरवणारा जो अर्धा 'ऱ' आहे तो युनिकोडमध्ये एकाहून अधिक प्रकारे लिहिता येतो : कोणी त्यासाठी नेमलेले स्वतंत्र चिन्ह वापरतो, कोणी 'र' खाली नुक्ता जोडतो, कोणी साध्या 'र्' पुढे न दिसणारे जोडचिन्ह ठेवतो. पडद्यावर तिन्ही शब्द सारखेच दिसू शकतात. डोळ्याला भेद कळत नाही. पण बाइट निराळे, म्हणून हॅश निराळा, म्हणून पान निराळे. एका रीतीने लिहून कोशात ठेवलेला शब्द दुसऱ्या रीतीने लिहून मागितला की लायब्ररी निर्विकारपणे सांगते, अशी किल्ली येथे नाही. तिचे चुकत नाही. किल्ली आत ठेवण्यापूर्वी आणि मागण्यापूर्वी ती एकाच रूपात आणण्याचे काम प्रोग्रॅम लिहिणाराचे असते, आणि त्याची मातृभाषा इंग्रजी असेल तर ही गोष्ट त्याला सुचण्याचे कारण पडत नाही.

आता 'सामाईक' या विशेषणाकडे वळावे. १९७९ मधली डीबीएम सामाईक नव्हती. युनिक्समध्ये तेव्हा रीत अशी होती, की प्रोग्रॅम तयार करतानाच लायब्ररीतील हवा तो भाग उतरवून घेऊन त्याच्या पोटात शिवून टाकावयाचा. दहा प्रोग्रॅमांना डीबीएम हवी असेल तर तिच्या दहा नकला डिस्कवर, आणि दहाही चालू असतील तर दहा नकला स्मृतीत. चालू असताना गरजेप्रमाणे बाहेरचा भाग जोडून घेण्याची कल्पना १९६० च्या दशकातील मल्टिक्स या प्रणालीत आली होती. पण मल्टिक्सच्या भारदस्तपणाला कंटाळूनच ज्यांनी युनिक्स रचले त्यांनी ती प्रथम बाजूला ठेवली. युनिक्सच्या जगात तिने मूळ धरले ते १९८० च्या दशकाच्या उत्तरार्धात. विंडोजने मात्र १९८५ मधील पहिल्या आवृत्तीपासूनच ती आपलीशी केली होती; तेथील अशा फाइलींच्या नावांमागे लागणारी 'डीएलएल' ही तीन अक्षरे आज बऱ्याच जणांच्या परिचयाची आहेत. लिनक्सवर त्याच जातीच्या फाइलींना 'एसओ' असे शेपूट असते, आणि मॅकिंटॉशवर 'डायलिब'.

सामाईक लायब्ररीचा व्यवहार असा चालतो. प्रोग्रॅमाच्या फाइलीत लायब्ररी नसते, केवळ तिचे नाव असते. प्रोग्रॅम सुरू करताच प्रणालीतील लोडर नावाचा एक दुय्यम प्रोग्रॅम ती नावे वाचतो, ठराविक जागांवर त्या नावांच्या फाइली शोधतो, त्या स्मृतीत आणतो आणि 'संग्रह उघड', 'ऐवज दे' या हाकांना लायब्ररीतील खऱ्या कामांशी जोडून देतो. दुसऱ्या प्रोग्रॅमाला तीच लायब्ररी लागली तर तिच्या आज्ञांची पाने स्मृतीत पुन्हा आणली जात नाहीत. तीच दोघांना दाखविली जातात. जागेची बचत हा उघड लाभ. त्याहून मोठा लाभ दुरुस्तीचा आहे. मार्च २००२ मध्ये मजकूर आकसून ठेवणाऱ्या झेडलिब या सर्वत्र वापरल्या जाणाऱ्या लायब्ररीत एक घातक चूक उघडकीस आली. जे प्रोग्रॅम तिची सामाईक फाइल वापरीत होते ते एक फाइल बदलताच निर्धोक झाले. ज्यांनी तिची नक्कल पोटात बाळगली होती ते एकेक करून हुडकावे आणि नव्याने बांधावे लागले.

परंतु एकाच विहिरीवर गाव विसंबले की विहिरीतला बदलही गावभर पोहोचतो. लायब्ररीची नवी आवृत्ती आली, तिच्यातील एखाद्या कामाला पूर्वी दोन गोष्टी सांगाव्या लागत त्या आता तीन सांगाव्या लागू लागल्या, की जुना प्रोग्रॅम दोनच सांगत राहतो आणि कोसळतो. विंडोजवर नव्वदीच्या दशकात एका प्रोग्रॅमाने स्वतःबरोबर आणलेली डीएलएल दुसऱ्याच्या डीएलएलवर बसे आणि दोघांपैकी एक बंद पडे; त्या दुरवस्थेला लोकांनी 'डीएलएलचा नरक' असेच नाव दिले होते. युनिक्सच्या परंपरेत यावर उपाय निघाला तो नावातच पिढीचा अंक घालण्याचा. 'जीडीबीएम' या लायब्ररीच्या फाइलीच्या नावाअखेर ६ असा अंक असेल, तर त्याचा अर्थ असा, की सहाव्या पिढीशी बोलावयास शिकलेल्या प्रोग्रॅमांना दिलेले वचन येथे पाळले जाईल. वचन मोडावयाची वेळ आली तर अंक बदलावयाचा. मग जुनी आणि नवी अशा दोन्ही फाइली शेजारीशेजारी नांदू शकतात आणि ज्याने त्याने आपली हाक मारावी. व्यवस्था चांगली आहे आणि बव्हंशी ती टिकली.

मात्र हे वचन प्रोग्रॅमांना दिलेले आहे. या घराण्यातील लायब्ररीला आणखी एक वचन पाळावे लागते, आणि ते फाइलीच्या नावावर कोठेही कोरलेले नसते. चित्र रंगवणारी किंवा ध्वनी वाजवणारी लायब्ररी बदलली तर काम झाल्यावर मागे काही उरत नाही. ऐवज सांभाळणारी लायब्ररी मागे संग्रह ठेवून जाते. तो संग्रह दहा वर्षांनी, दुसऱ्या संगणकावर, दुसऱ्या आवृत्तीने उघडावयाचा असतो. प्रोग्रॅम नव्याने बांधता येतो. त्याचा मूळ मजकूर कोठेतरी असतो. संग्रहातील ऐवज पुष्कळदा दुसरीकडे कोठेच नसतो.

डीबीएमच्या वंशाचा इतिहास पाहिला म्हणजे हा भेद किती दुर्लक्षिला गेला ते दिसते. १९८६ साली बर्कलीच्या युनिक्समध्ये एनडीबीएम आली. तिने एका वेळी अनेक संग्रह उघडण्याची सोय केली. टोरोंटोच्या यॉर्क विद्यापीठातील ओझान यिगित याने तिच्यासारखीच, पण कोणाचीही मालकी नसलेली एसडीबीएम लिहिली; पर्ल या भाषेबरोबर ती आजही मिळते. ग्नू प्रकल्पासाठी फिलिप नेल्सन याने जीडीबीएम रचली. तिने ५१२ बाइटांची मर्यादा काढून टाकली आणि एका वेळी एकच लिहिणारा किंवा कितीही वाचणारे, असा शिस्तीचा नियम घातला. या सर्व जणी एनडीबीएमच्या शब्दांत हाक मारली तर ओ देतात किंवा ओ देण्याची सोय जवळ ठेवतात. म्हणून प्रोग्रॅम लिहिणाऱ्याला वाटते की त्या एकच आहेत. फाइली मात्र परस्परांच्या वाचता येत नाहीत. तोच प्रोग्रॅम, तीच हाक. एका संगणकावर 'डिर' आणि 'पॅग' अशी जोडी तयार होते, आणि मॅकिंटॉशवर 'डीबी' शेपटाची एकच फाइल. ती उचलून लिनक्सवर नेली की प्रोग्रॅम म्हणतो, असा संग्रहच नाही. बोली एक आणि लिपी निराळी, असा हा प्रकार आहे. मोडी न शिकलेल्या मराठी माणसापुढे पेशव्यांच्या दप्तरातला कागद ठेवावा तसा.

कोणत्या लायब्ररीने फाइल लिहिली हे ओळखावयाचे तरी कसे? या लायब्रऱ्यांपैकी बहुतेक जणी फाइलीच्या आरंभी एक ठरलेली संख्या लिहून ठेवतात. जीडीबीएमची संख्या सोळाच्या मानाने लिहिली तर १३५७९एसीई अशी दिसते. रचणाऱ्याने विषम अंकांची ओळ मांडून पुढे अक्षरांनी ती पुरी केली, ही त्याची हौस. पुढे याच संख्येचे शेवटचे अक्षर बदलून ३२ बिटांच्या आणि ६४ बिटांच्या फाइली वेगळ्या दाखविण्यात आल्या, कारण जीडीबीएम आपल्या फाइलीतील आकडे ज्या संगणकावर चालते त्याच्या रीतीने लिहिते, आणि संगणकाची जात बदलली की तीच फाइल परकी होते. पायथन भाषेच्या संचात तर 'ही फाइल कोणाची?' एवढेच सांगणारे एक छोटे काम मुद्दाम लिहून ठेवावे लागले आहे. ते आरंभीचे बाइट पाहून अंदाज करते.

या वंशातील सर्वांत कर्तबगार शाखा बर्कली डीबीची. एटी अँड टीच्या मालकीचा मजकूर बर्कलीच्या युनिक्समधून काढून टाकण्याची खटपट चालू असताना मार्गो सेल्टझर आणि ओझान यिगित यांनी १९९१ मध्ये नवी हॅश लायब्ररी सादर केली, आणि तिच्यातून ही शाखा फुटली. १९९६ मध्ये तिच्यासाठी स्लीपीकॅट नावाची कंपनी निघाली. व्यवहार अर्धवट राहिला तर पूर्वस्थितीवर आणणे, एकाच वेळी अनेकांना लिहू देणे, वीज गेली तरी हिशेब न बिघडणे, अशा मोठ्या डेटाबेसच्या सोयी या साध्या किल्ली-ऐवजाच्या घरात प्रथम तिने आणल्या. लिनक्सच्या कित्येक संचांत कोणते प्रोग्रॅम बसविले आहेत याची नोंद ठेवणारी आरपीएमची वही तिच्यावर होती. ओपनएलडॅप ही नामावलीची व्यवस्था तिच्यावर होती. २००६ मध्ये ओरॅकल कंपनीने स्लीपीकॅट विकत घेतली. २०१३ मध्ये सहाव्या आवृत्तीबरोबर परवान्याच्या अटी बदलल्या : ती वापरणाऱ्या प्रोग्रॅमाची सेवा जाळ्यावरून दिली तरी त्याचा मूळ मजकूर खुला करणे आता बंधनकारक झाले. लिनक्सचे संच जुळवणाऱ्यांना त्या अटी इतरांच्या प्रोग्रॅमांवर लादणे शक्य नव्हते, म्हणून ते ५.३ या आवृत्तीवरच थांबले. लायब्ररीत एकही चूक नसताना केवळ कागदावरच्या अटीने तिची वाढ घराघरांत थांबली.

त्याच वर्षी, या घटनेच्या काही महिने आधी, याच लायब्ररीच्या संदर्भात जे घडले ते फारच बोधक आहे. बिटकॉइन या चलनाची वही हजारो संगणकांवर एकाच वेळी ठेवली जाते, आणि वहीत नवे पान, म्हणजे ब्लॉक, आले की ते ग्राह्य की अग्राह्य याविषयी त्या सर्वांचे एकमत होणे, हाच त्या चलनाचा पाया आहे. ०.७ पर्यंतच्या आवृत्त्या वहीची सूची बर्कली डीबीत ठेवीत. फेब्रुवारी २०१३ मध्ये निघालेल्या ०.८ आवृत्तीने ती जागा लेव्हलडीबी या नव्या लायब्ररीस दिली. बदल वेगासाठी होता. नियम एकही बदलला नव्हता, असे सर्वांना वाटत होते. ११ मार्चच्या रात्री २,२५,४३० व्या क्रमांकाचा ब्लॉक आला. त्यात पूर्वी कधी आले नव्हते इतक्या व्यवहारांचे धागे होते. नव्या आवृत्तीने तो स्वीकारला. जुन्या आवृत्तीच्या कित्येक संगणकांनी नाकारला.

कारण असे, की बर्कली डीबी एखाद्या व्यवहारात जेवढ्या पानांना हात लावावयाचा तेवढ्यांवर कुलपे घालते, आणि किती कुलपे हाताशी ठेवावयाची हे वापरणाऱ्या प्रोग्रॅमाने आधी सांगावयाचे असते. बिटकॉइनच्या जुन्या आवृत्त्यांनी सांगितलेला आकडा त्या दिवशी अपुरा पडला. मोठ्यात मोठ्या आकाराचे ब्लॉक आधी चाचणीत व्यवस्थित पार पडले होते; आकाराने लहान पण कुलपे जास्त मागणारा ब्लॉक येऊ शकेल हे कोणाच्या मनात आले नव्हते. त्याहून विलक्षण असे, की कुलपे किती लागतील हे त्या संगणकावरील फाइलीत पाने कशी दुभंगली होती यावर अवलंबून होते. तेव्हा दोन जुने संगणकही एकमेकांशी सहमत होतील अशी खात्री नव्हती. अशा प्रकारे लायब्ररीच्या पोटातील एक मर्यादा, कोणी न ठरवता, चलनाचा नियम होऊन बसली होती, आणि लायब्ररी बदलताच तो नियम मोडला. वहीला दोन फाटे फुटले. नव्या फाट्याकडे संगणकबळ अधिक होते, तरी जुन्या आवृत्तीवर राहिलेल्यांना त्या फाट्यावर येताच येत नव्हते. म्हणून त्या रात्री नव्या आवृत्तीवरच्या मोठ्या मायनर-संघांना आपण होऊन मागे फिरण्याची विनंती करावी लागली. ते फिरले, आणि नव्या फाट्यावरचे २४ ब्लॉक वाया गेले. त्या काळी एका ब्लॉकमागे २५ बिटकॉइनांचे पारितोषिक मिळत असे, तेही त्यांबरोबर गेले. जुन्यांना कुलपांची संख्या वाढविण्यास किंवा नवी आवृत्ती घेण्यास १५ मे २०१३ पर्यंत मुदत देण्यात आली. पुढे बिटकॉइनच्या मुख्य प्रोग्रॅमाने लेव्हलडीबीची स्वतःची नक्कल आपल्या पोटातच बाळगली. जेथे प्रत्येक संगणकाचे उत्तर तंतोतंत एक असले पाहिजे तेथे कोणत्या संचात कोणती सामाईक फाइल मिळेल यावर विसंबणे त्याच्या कर्त्यांना धोक्याचे वाटले, आणि ते योग्यच होते.

त्याच प्रोग्रॅमाची दुसरी फाइल, म्हणजे वापरणाऱ्याच्या गुप्त किल्ल्यांचे पाकीट, मात्र बर्कली डीबीतच राहिली होती, आणि तीही ४.८ या जुन्या आवृत्तीत. नव्या आवृत्तीने लिहिलेले पाकीट जुन्या आवृत्तीस उघडत नसे. लिनक्सच्या संचांत ५.३ आणि पाकिटासाठी ४.८, असा पेच असल्यामुळे जो कोणी संचातील लायब्ररी वापरून प्रोग्रॅम बांधू पाहील त्याला 'विसंगत' हा शब्द नावातच असलेला पर्याय स्पष्टपणे निवडावा लागे. असे पाकीट उघडेनासे झाले तर आतील पैसा कोणत्याही पेढीच्या व्यवस्थापकाला भेटून परत मिळत नाही. याच्या उलट उदाहरण आहे मॅन-डीबीचे : लिनक्सवरील आज्ञांच्या माहितीपत्रकांची सूची ती पुष्कळ संचांत जीडीबीएमच्या फाइलीत ठेवते. ती फाइल आज पुसली तर उद्या मूळ पत्रके वाचून पुन्हा तयार होते. एकाच जातीच्या लायब्रऱ्या, परंतु एकीकडे सूची आणि दुसरीकडे मूळ दस्तऐवज. फाइलीकडे पाहून हा भेद कळत नाही, आणि जुनी लायब्ररी काढून टाकणाऱ्याला तो माहीत असतोच असे नाही.

अलीकडच्या काळात या घराण्याची वस्ती पांगली आहे. ओपनएलडॅपसाठी हॉवर्ड चू याने २०११ मध्ये एलएमडीबी लिहिली, आणि २०२१ मधील २.५ आवृत्तीपासून ओपनएलडॅपने बर्कली डीबीचे नाते तोडले. क्रोम हा ब्राउझर संकेतस्थळांनी ठेवलेला पुष्कळसा मजकूर लेव्हलडीबीत ठेवतो. परंतु ती सामाईक फाइल नसून ब्राउझरच्या अंगाचाच भाग असते, तेव्हा मेजावरचा संगणक पाहता किल्ली-ऐवजाचे संग्रह वाढले आणि त्यांची सामाईक लायब्ररी मात्र मागे पडली. पायथनने ऑक्टोबर २०२४ मधील ३.१३ आवृत्तीत आपल्या डीबीएम विभागासाठी एसक्यूलाइट हा पर्याय प्रथम पसंतीचा केला. एसक्यूलाइट मुळात रकान्यांचा डेटाबेस. त्याच्याकडून नुसती किल्ली-ऐवजाची सेवा घेणे म्हणजे बैलगाडीच्या वाटेवर आगगाडी चालविण्यासारखे आहे. पण त्याच्या फाइलीचा आराखडा प्रसिद्ध आहे, संगणकाची जात बदलली तरी ती वाचता येते, आणि ते वचन पाळण्याचे त्याच्या कर्त्यांनी जाहीर केले आहे. या घराण्यात ज्याची उणीव होती नेमके तेच.

आरपीएमच्या वहीचे पुढे काय झाले तेही सांगितले पाहिजे. ऑक्टोबर २०२० मध्ये निघालेल्या फेडोरा लिनक्सच्या ३३ व्या आवृत्तीने ती वही बर्कली डीबीतून एसक्यूलाइटमध्ये नेली. परंतु नवी प्रणाली बसविताना जुनी वही एकदा तरी वाचावी लागणार, आणि ती वाचण्यासाठी ज्या लायब्ररीपासून सुटका करून घ्यावयाची तीच जवळ बाळगावी लागणार, असा पेच पडला. तेव्हा आरपीएमच्या कर्त्यांनी बर्कली डीबीच्या फाइलींचा आराखडा समजून घेऊन फक्त वाचू शकणारा, लिहू न शकणारा एक लहान वाचक स्वतः लिहिला. त्याला मूळ लायब्ररीची गरज नाही. बिटकॉइनच्या पाकिटांसाठीही पुढे तशीच तजवीज करण्यात आली. ज्यांच्याजवळ असे कारागीर नाहीत त्यांच्यासाठी जुना मार्ग मोकळा आहे : लायब्ररी अजून संगणकावर आहे तोवर जीडीबीएमचा किंवा बर्कली डीबीचा 'डंप' नावाचा प्रोग्रॅम चालवून सारा संग्रह साध्या मजकुराच्या फाइलीत उतरवून घ्यावयाचा. जीडीबीएमच्या अशा फाइलीत देवनागरी किल्ल्या साध्या डोळ्यांनी वाचता येत नाहीत, त्या सांकेतिक अक्षरांत उतरतात. परंतु तो संकेत उघड आणि सर्वमान्य आहे, आणि तो उलगडण्यास जीडीबीएम लागत नाही.